उद्घाटनाच्या दिवशीची खिचडी

१

जरा पुढे सरका, मायबाप. मागे भिंतीला टेकलेल्यांनीही या, सतरंजी मोठी आहे. बुवा अजून यायचेत, पेटीवाला सूर बघतोय, तोवर एक गोष्ट सांगते. आख्यानात शेवटी देव धावत येतो आणि आपण डोळे पुसत टाळ्या वाजवतो. ह्या गोष्टीत त्याची वाट बघू नका, एवढं आधीच सांगून ठेवते. पण ऐका. ऐकल्याशिवाय उठू नका.

भिवंडीहून शेलार गाव मागे टाकून आत वळलं की आमचं गाव. एका अंगाला लूम, दुसऱ्या अंगाला गोदामांचे पत्रे आणि मधे शाळा. त्या शाळेत मी जन्मभर शिकवलं. मुलं मला कमळाबाई म्हणायची, आता त्यांची मुलंही तेच म्हणतात.

तिथे पोरं दुपारची खिचडी व्हरांड्यात खायची. वारा सुटला की लूमवरचा कापूस उडत यायचा आणि थाळीत बसायचा. पुढ्यात कुत्री. हे बदलायचं वैशाली मॅडमनी मनावर घेतलं. माझ्यानंतर मुख्याध्यापिका झालेली बाई, हाडाची कष्टाळू. एका ट्रस्टच्या मागे लागून तिने जेवणाची शेड बांधून घेतली. सिमेंटची बाकं, खिडक्यांना जाळी, हात धुवायचे नळ. ते नळ किती उंचीवर हवेत हे मात्र बकुळाने सांगितलं. बकुळा म्हणजे शाळेची खिचडी रांधणारी, बुद्धविहाराच्या गल्लीत राहणारी.

"नळ बारक्यांच्या हाताला लागला पायजे, बाई," ती म्हणाली होती. "न्हायतर मोठी पोरं उचलून धरतात, न् बारकी नखशिखांत भिजतात."

शेडवर 'भोजनगृह' अशी पाटी लागली. दिवाळीनंतर उद्घाटन ठरलं. खिचडी वेळेवर झाली, नियमाप्रमाणे बकुळाने चव घेतली, एका सरांनी घेतली. पण ट्रस्टच्या साहेबांची गाडी हायवेवर ट्रकांच्या रांगेत अडकली होती. नारळ फुटेपर्यंत कुणी काही तोंडात घालायचं नाही, असं मॅडमनी माइकवर बजावलं. पोरं उन्हात बसली. जेवणाची वेळ गेली, मधली सुट्टी गेली, आणि मग कधीतरी साहेब आले. फीत कापली, फोटो झाले, थाळ्या वाढल्या.

बारकी पोरं अजून बाकावरच होती तेव्हा पहिली उलटी झाली. मग दुसरी. मग सगळ्या शेडभर. पोरं पोट धरून वाकडी होत होती, "घसा जळतो, घसा जळतो" म्हणून रडत होती. कुणी रिक्षात, कुणी टेम्पोत घालून भिवंडीच्या सरकारी दवाखान्यात नेली. चिडलेल्या आयाबापांनी खिचडीचं पातेलं उचललं आणि गटारात उपडं केलं.

देवाच्या कृपेने पोरं वाचली. पण बकुळाला पोलिसांनी चौकीत बसवून ठेवलं, स्वयंपाकघराला टाळं लागलं. दवाखान्याच्या दारात म्हातारे तात्या सगळ्यांसमोर ओरडले, "ह्या बाईने माझ्या नातीला विष घातलं!"

रात्री बकुळाला घरी सोडलं, पण संशय तिच्यावरच राहिला.

२

मी नागसेनला फोन केला.

नागसेन माझा विद्यार्थी. गोदामांना आगी लागतात ना आपल्याकडे, त्या कशा लागल्या ते शोधून विमा कंपनीला सांगायचं, हे त्याचं काम. राखेत काठी घालत फिरणारा माणूस. पोरगा तसाच आहे, शर्टाची बाही कायम काळी.

"बाई, मी आगीतला माणूस. खिचडीतलं मला काय कळणार?" तो म्हणाला.

"लहानपणी तीन-तीनदा मागून घ्यायचास. कळेल."

आला. शेडमधे बाकावर बसला, पाय हलवत. म्हणाला, "गोदाम जळालं की मालक आधी जळकं दाखवतो. मी आधी विचारतो, जळलं काय नाही? इथे कोण आजारी पडलं नाही?"

"वरचे वर्ग," मी म्हटलं. "पुढच्या बाकांवर होते. साहेबांसोबत फोटोत. त्यांना आधी वाढलं, पोटभर जेवले. सरांनी खाल्लं. बकुळाने खाल्लं."

"पातेलं एकच?"

"एकच."

"मग विष पातेल्यात नव्हतं, बाई."

"लोक म्हणतात मोठ्यांची पोटं दणकट."

"सगळ्यांचीच?" तो उठला. "चला मावशीकडे."

बकुळा ओट्यावर बसली होती, भांड्यांना हात न लावता. नागसेनला बघून पदर सावरला.

"मावशी, तेल कसं होतं?"

"नवा डबा फोडला व्हता."

"डाळ?"

"निवडली. बाईंना इचार, मी कशी निवडते."

"तिखट किती घातलं?"

"बारक्यांना झोंबतं म्हणून तिखट घालतच न्हाय मी. हळद न् मीठ."

नागसेनने माझ्याकडे बघितलं. तिखटच नाही, मग घसे कशाने जळत होते?

"मावशी, तात्यांच्या नातीला, तनयाला, तुम्ही वाढलंत?"

बकुळा इतका वेळ सरळ बघत होती. आता खाली बघायला लागली.

"ते इचारू नको."

"का?"

"न्हाय सांगायची मी. हवं तर फासावर द्या."

आणि ती आत जाऊन दार लोटून बसली.

३

आता तात्या. ह्या माणसाला वाईट म्हणून सोडून देऊ नका. कोर्टात कारकुनी केली, कुणाचा कागद अडवला नाही. मुलगा अपघातात गेला, तेव्हापासून नात म्हणजे त्यांचा श्वास. पण घरात एक रीत घट्ट. तनयाने शाळेचं खायचं नाही. का, ते तोंडाने म्हणायचे नाहीत. "आमच्यात चालत नाही," एवढंच. आमच्या गावात एवढ्याने सगळ्यांना सगळं कळतं. पोरीला घरचा डबा.

"साहेबांनी फोटोसाठी सगळ्यांच्या हातात थाळ्या दिल्या," तात्या आम्हाला म्हणाले. "मॅडमच सांगत होत्या. पोर बिचारी, मोठ्या माणसाला नाही कसं म्हणणार? एकदा खाल्लं आणि हे झालं! अरे नागसेन, तू शिकलेला आहेस, तूच सांग."

"तात्या, तिने खाल्लेलं कुणी बघितलं?"

"खाल्लं नाही तर ओकली कशी? उगाच?"

त्यांची सून वनिता आम्हाला पोचवायला अंगणापर्यंत आली. हायवेलगतच्या वडपे गावात गोदामाच्या ऑफिसात असते ती. दोरीवर तनयाचा गणवेश वाळत होता, त्याच्या छातीवर तपकिरी ओघळ.

"हा डाग बघा ना, बाई. चार वेळा घासला."

"खिचडीचा?" नागसेनने विचारलं.

वनिता हसली, दुःखातही. "लग्न कर बाबा तू. हळदीचा डाग साबण लावला की लाल होतो, मग उन्हात उडतो. हा लाल होत नाही की जात नाही. बाजूच्या दोघींच्या पोरांच्या शर्टालाही असलाच आहे. त्याही वैतागल्यात."

"आणि ती पोरं आजारी होती?"

"होती की."

मग तिने मागे वळून घराकडे बघितलं आणि आवाज उतरवला. "नागसेन, जे शोधायचं ते शोध. पण माझ्या पोरीला मधे घेऊ नकोस. मामंजींनी मागेच सांगितलंय, तिथलं खाते असं कळलं तर नाव काढून काकाकडे सोलापूरला पाठवीन. माझ्याकडे एवढी एकच आहे रे."

४

गावात दुसरंच बोललं जात होतं. भूपेशचं नाव.

भूपेशने वडप्याला एका जुन्या गोदामात मोठं स्वयंपाकघर टाकलंय. स्टीलची यंत्रं, टोप्या घातलेली माणसं. शाळाशाळांचं जेवण आपण शिजवून टेम्पोने पोचवायचं, हा त्याचा धंदा. आमची शाळा तेवढी अडून बसलेली. आणि उद्घाटनाच्या दिवशी भूपेश आमच्या स्वयंपाकघराच्या मागे फिरताना दिसला होता.

"आलोच होतो," भूपेश म्हणाला. त्याला लाज नावाची गोष्ट देवाने थोडी कमी दिलीय. "फोटो काढायला. तुमचं किचन किती गलिच्छ आहे ते साहेबांना दाखवायचं होतं. सच बोलतो, कमळाबाई, माझी पण ऑर्डर पाहिजे ना?"

"दाखव फोटो," नागसेन म्हणाला.

"अरे काय उपयोग नाही झाला! म्हातारीने घासून ठेवलेलं सगळं. माझ्या किचनपेक्षा साफ. डोकंच फिरलं माझं."

त्याने मोबाइल पुढे केला. धुतलेली फरशी, झाकलेलं पातेलं. एका फोटोत बाहेरून घेतलेलं मागचं दार. त्या दारावर त्या दिवशी मांडवाचा पडदा बाहेरून ठोकला होता. नागसेन तो फोटो मोठा करत गेला, दारापलीकडे, पार कडेपर्यंत.

"बाई, शेडच्या मागे हे हिरवं काय आहे?"

"कुंपण. गुरं येऊ नयेत म्हणून मीच लावून घेतलं होतं कधीकाळी. गुरं तोंड लावत नाहीत त्याला."

"काल आपण शेडमधे बसलो होतो. खिडकीतून थेट रस्ता दिसत होता."

खरंच, कुंपण कुठे होतं?

५

कुंपण जमिनीलगत छाटलेलं होतं. नुसते बुंधे उरले होते. एक फांदी कडेला राहिली होती, नागसेनने ती मोडली. चिकट पाणी आलं आणि त्याच्या बाहीवर ओघळलं. आम्ही बुंध्यांपाशी बसून राहिलो. वाळल्यावर डाग तपकिरी झाला होता.

"चंद्रज्योत," मी म्हटलं. माझा आवाज मलाच ओळखू येईना. "मोगली एरंड म्हणतात काही जण. बी फोडलं की आत पांढरा गर असतो, बदामासारखा गोड लागतो. खाल्ला की मग घसा जळतो, उलट्या, जुलाब…"

"बारके मागे बसले होते. कुंपणापाशी."

"भुकेले होते रे. नारळ फुटायचा होता ना."

म्हणजे बघा मायबाप, खिचडी तयार होती. गरम, झाकून ठेवलेली. चार पावलांवर. आणि पाहुण्यांच्या आधी जेवायचं नाही ही आपली रीत. शिस्त म्हणून शिकवतो आपण ती. पोरांनी ऐकलं. तोंडात 'जेवण' घातलं नाही. बिया फोडून चघळत राहिली, माना खाली घालून, कुणाला दिसू नये म्हणून. वरच्या वर्गांना मॅडमनी पुढे रांगेत उभं केलं होतं, त्यांना हलता येत नव्हतं. म्हणून ती वाचली.

शाळेच्या पोरांना नागसेनने विचारलं. पोरं एकमेकांकडे बघायला लागली. एक मुलगी म्हणाली, "मॅडमनी सांगितलंय की…" आणि शेजारणीने तिला चिमटा काढला.

"कुंपण कुणी तोडलं ग?" मी विचारलं.

"मॅडमनी. दुसऱ्या दिवशी सकाळीच. स्वच्छता मोहीम होती, कमळाबाई."

अर्धी पोरं दवाखान्यात असताना स्वच्छता मोहीम.

६

वैशाली मॅडमनी नाकारलं नाही. मला वाटलं होतं, चिडेल. तिने खुर्ची पुढे केली, चहा मागवला, मग तोंड ओंजळीत घेतलं.

"टरफलं मला त्याच दुपारी दिसली, बाई. कुंपणाच्या कडेला सडा पडला होता."

"मग डॉक्टरांना का नाही सांगितलं?"

"सलाईन चालूच होतं. उपचार तोच झाला असता."

"आणि बकुळा?"

तिने चहाचा कप बाजूला सरकवला. "साहेबांची वाट बघताना पोरांनी कुंपण खाल्लं, हे पेपरात आलं असतं तर? ट्रस्टने पुन्हा आपल्या दारात पाय ठेवला नसता. पुढच्या वर्षी ते वर्गखोल्या देणार आहेत. बकुळाला दुसरीकडे काम मिळेल, बाई. शाळेला दुसरं कुणी मिळणार नाही."

"लिहून द्याल?" नागसेनने विचारलं.

"नाही. आणि तुमच्याकडे पुरावा नाही. आजारी पडलेल्या सगळ्यांनी खिचडी खाल्ली होती. बियांनी झालं की खिचडीने, कसं वेगळं काढणार?"

"सगळ्यांनी नाही खाल्ली," नागसेन म्हणाला.

मॅडमचा चेहरा पडला. तेव्हा मला उमगलं, त्याने काय जुळवलंय ते: बकुळाची खाली गेलेली नजर, वनिताची भीती, मागच्या दारावर ठोकलेला पडदा.

तनया आम्हाला देवळाच्या पायरीवर भेटली. माझ्या मांडीला टेकून बसली. नागसेन खाली मातीत.

"तनू, रोज मागच्या दाराने मावशी तुला वाटीत देते ना?"

पोरीने माझ्याकडे बघितलं. मी केसांवरून हात फिरवला.

"डबा मी वाटून टाकते," ती म्हणाली. "मला खिचडी आवडते. मावशी म्हणते, बस, गरम आहे, फुंक मार. त्या दिवशी दाराला पडदा होता. मी वाजवलं. माइक चालू होता, तिला ऐकूच नाही गेलं. डबा आधीच दिला होता मी."

"आणि साहेबांनी दिलेली थाळी?"

"मला द्यायच्या आधीच पोटात दुखायला लागलं."

खिचडीचं शीतही न खाल्लेली पोर, बाकीच्यांसारखीच आजारी. ह्यापेक्षा चोख पुरावा नागसेनला कुठल्या राखेत सापडला नव्हता. आणि बकुळाची जीभ का बांधलेली होती, तेही आता दिसत होतं. तिला सुटायचं असेल तर ह्या पोरीचं गुपित फोडावं लागणार होतं.

"फक्त एवढंच सांगायचं," नागसेन पोरीला म्हणाला, "त्या दिवशी खिचडी खाल्ली नाही, बिया खाल्ल्या. रोजचं कुणी विचारणार नाही."

तेवढ्याच बोलीवर वनिता कशीबशी कबूल झाली. रोजचं खरंच कुणी विचारणार नाही, असं त्याला वाटत होतं.

७

बैठक त्या नव्या शेडमधेच झाली. शिक्षण खात्याचे अधिकारी, समितीची माणसं, आयाबाप. मोठी माणसं त्या बुटक्या बाकांवर गुडघे छातीशी घेऊन बसली होती. बकुळा नळांपाशी उभी.

नागसेनने सगळं मांडलं. न चढवता, न वाढवता. पुढचे आजारी पडले नाहीत. तिखट नव्हतं, तरी घसे जळले. डाग हळदीचे नव्हते. भूपेशचा फोटो दाखवला, मग खिडकीबाहेर बोट केलं. लोक कुजबुजायला लागले. कुणीतरी म्हणालं, "अरे, आमच्या पिंट्याच्या शर्टाला पण…" मॅडम जमिनीकडे बघत होत्या.

"तर्क चांगला आहे," अधिकारी म्हणाले. "पण सगळ्यांनी खिचडीही खाल्ली ना?"

"एकीने नाही खाल्ली."

तनया उठली. वनिताने डोळे मिटून घेतले. "मी खिचडी नाही खाल्ली," पोर स्पष्ट बोलली. "बिया खाल्ल्या."

तात्या ताडकन उभे राहिले. मला वाटलं, ओरडणार. पण त्यांच्या तोंडावर आनंद होता हो. नातीने घरची रीत मोडली नव्हती! "बघा! सांगत होतो ना मी, माझी पोर तिथलं खाणार नाही!" आणि मग वाकून, मायेने, अगदी सहज त्यांनी विचारलं, "पण बाळा, एवढी भूक कशी लागली? डबा होता ना तुझ्याकडे?"

तनयाने आईकडे बघितलं.

"तूप लावून पोळी दिली होती आईने. खाल्ली नाहीस?"

"मैत्रिणींना दिली."

"सगळी? मग तू काय खाणार होतीस?"

नागसेन अर्धवट उठला. पोरीने मान वळवली, नळांकडे. तात्यांची नजर तिच्या नजरेमागून निघाली.

ती पोचायच्या आत बकुळा बोलली.

"पोरीला दमवू नका. ती कधी माझ्या हातचं खात न्हाय. त्या दिवशी खाल्लं, भिऊन खोटं बोलते. तेल जुनं व्हतं. मला वास आला व्हता, तरी मी घातलं. माझी चूक हाय."

"मावशी!" नागसेन ओरडला.

"गप बस तू. मोठ्यांच्या मधे बोलू नको."

अधिकाऱ्यांनी तिचं म्हणणं लिहून घेतलं. तिने खाली सही केली, सावकाश, ठळक अक्षरात. मीच शिकवलेली सही. तात्या खाली बसले, घाम पुसत. त्यांना काय कळलं आणि काय कळून घ्यायचं नव्हतं, ते त्यांचं त्यांना ठाऊक. वैशाली मॅडमनी एकदा मान वर केली. एक वाक्य बोलली असती तर सगळं फिरलं असतं. ती बोलली नाही.

मीही नागसेनचा हात धरून बसले. वनिता माझ्या शेजारी होती, तिने माझा पदर मुठीत धरला होता.

बाहेर नागसेनने बकुळाला गाठलं. रडत होता, एवढा घोडा.

"खोटं का बोललात? मी सोडवलं होतं तुम्हाला."

"सोडवलंस रे. पण तिचं नाव शाळेत राहू दे." मग म्हणाली, "मागच्या दाराला पडदा लावू नका म्हणावं पुन्हा. पोर वाजवत बसली म्हणे न् मला ऐकू न्हाय आलं. तेवढं मात्र माझं चुकलं."

आता शाळेचं जेवण वडप्याहून येतं. टेम्पो ट्रॅफिकमधे अडकतो, खिचडीचा गोळा होतो, पोरं अर्धी टाकतात. तनयाला ते खायची घरून परवानगी आहे. यंत्राचं आहे, कुणाचा हात लागत नाही, असं तात्या म्हणतात. ती खात नाही. शेडमधे भूपेशचे क्रेट रचलेत, मुलं पुन्हा व्हरांड्यात बसतात. ट्रस्टने वर्गखोल्या दुसऱ्या गावाला दिल्या. नागसेनने वर तीन अर्ज केले. उत्तर एकच: संबंधित महिलेने कबुली दिलेली आहे.

बकुळाला स्वयंपाकाला कुणी बोलावत नाही. लग्नात नाही, बारशात नाही. विहारातल्या भोजनदानालाही ती आपण होऊन लांब बसते, कुणाला शंका नको म्हणून. वडप्याच्या एका गोदामात खोक्यांवर चिठ्ठ्या चिकटवते. शिफ्ट सुटली की हायवेच्या कडेला शेअर रिक्षासाठी उभी असते. मी एकदा म्हटलं, "बकुळा, देव बघतोय ग." ती म्हणाली, "बघू द्या की, बाई. त्याला पण काम हाय का न्हाय." कीर्तनं ऐकण्यात मी जन्म काढला, पण त्या दिवशी तिची रिक्षा येईपर्यंत नुसती तिच्याशेजारी उभी राहिले.

बुवा आले वाटतं. सरकून बसा.

एवढंच मागते, मायबाप. कीर्तनानंतर प्रसादाची पंगत आहे. पान पुढ्यात आलं, भातातून वाफ निघताना दिसली, की पहिला घास तोंडात घालण्याआधी जरा थांबा आणि बकुळाचं नाव घ्या. मोठ्याने नको. मनातल्या मनात घ्या, पण घ्या.